अर्धवट राहिलेल्या खांबाची गोष्ट

दादा, फलक रविवारी लागणार आहे. अकोल्याच्या पेंटरने तो रंगवून ठेवला आहे, शनिवारी पिकअपमधून वाडीत पोचेल आणि रविवारी सकाळी देवळाकडे जाणाऱ्या पायवाटेच्या तोंडाशी, जांभळीखाली, उभा राहील. आम्हांला देऊळ दाखवणाऱ्या गाईडने हे आज सकाळी फोनवर सांगितलं आणि मी तिला पुन्हा विचारून खात्री करून घेतली. आधी बातमी आणि तिच्या पाठोपाठ ती कुणी सांगितली ते, ही सवय मला वर्तमानपत्रात लागली असं लोकांना वाटतं. ती तुमची आहे. कुणी पोरगं धावत वर्गात येऊन "गुरुजी, ओढ्याला पाणी आलंय" म्हणालं, की तुम्ही हातातला खडू खाली न ठेवता विचारायचात, "तू पाहिलंस, का कुणी सांगितलं?" पोरगं अडखळायचं. "आधी ते सांग, मग पाणी सांग."

त्या एका प्रश्नावर मी नगरच्या एका दैनिकात अख्खी नोकरी काढली. श्रीगोंद्याहून, कर्जतहून, सुप्याहून बातमीदारांचा मजकूर यायचा आणि त्यात कुठे 'असे म्हणतात' दिसलं की माझं लाल पेन खाली यायचं. कोण म्हणतं? नाव नसेल तर ओळ नाही. डेस्कवरची नवी मुलं माझ्या पाठीमागे मला 'कोण-म्हणतं-बाई' म्हणायची, हे मला निवृत्तीच्या दिवशी निरोपाच्या चहाला कळलं. मी हसले, पण मला ते आवडलंही होतं. आणि आता या फलकाच्या मजकुराची सुरुवातच 'असे म्हणतात की' अशी आहे. तो तपासायला माझ्याकडेच आला होता. हे कसं झालं ते तुम्हांला सांगायला हवं, कारण त्या फलकावर जे लिहिलं आहे ते मुळात तुम्ही रचलेलं आहे.

आमच्या कॉलनीतल्या ज्येष्ठ मंडळींनी डिसेंबरात एक दिवसाची सहल काढली. शिर्डीला सगळे इतक्या वेळा जाऊन आले होते की यंदा कुणीतरी म्हणालं, जिथे रांग नाही असं एखादं देऊळ शोधा. मोबाईलवर निरोप आला, 'अकोले तालुक्यातील जंगलातील अपरिचित प्राचीन मंदिर, स्थानिक गाईडसह', आणि त्याखाली वाडीचं नाव. आपली वाडी. तुमची जिल्हा परिषदेची पहिली शाळा. तिथून तुमची बदली कर्जतकडे झाली, जिथे झाड म्हणजे बाभूळ आणि डोंगर म्हणजे लांबवर दिसणारी रेघ, आणि त्यानंतर आपण तिकडे परत गेलोच नाही. मी आईला सांगायला गेले. आई आता माझ्याकडेच असते. गुडघे कुरकुरतात, कान मात्र शाबूत आहेत. ती वाटाणे सोलत बसली होती.

"देऊळ आहे अजून?"

"हजार वर्षं उभं आहे, आई. आपण तिथून निघून आल्यावर पडायला काय झालं?"

"छप्पर तर तेव्हाच नव्हतं." तिने एक शेंग सोलली. "ओढा बघून ये."

"कुठला ओढा?"

"देवळाच्या अलीकडचा. पाणी आहे का तेवढं बघ."

मला वाटलं, म्हातारपणी माणसाला पाण्याची आठवण येत असेल. कर्जतच्या बाजूला इतकी वर्षं काढलेल्या बाईला तर येणारच.

संगमनेरला चहा झाला, अकोल्याच्या पुढे हवा बदलली आणि वाडीच्या अलीकडे बस थांबली. गाईड तिथे उभी होती. तिशीतली बाई, साडीवर स्वेटर, पायात बूट, गळ्यात ओळखपत्र. तिला दोन आवाज होते. माहिती सांगताना ती अगदी शाळेतल्या वक्तृत्व स्पर्धेसारखं बोलायची, 'सदर मंदिर हे शुष्कसांधी पद्धतीने, म्हणजेच चुन्याशिवाय उभारलेले आहे', आणि ते वाक्य संपायच्या आत तिचा दुसरा आवाज निघायचा, "आवो काका, तिकडं नका जाऊ, मोहोळ हाय वर!" बँकेतून निवृत्त झालेले आमच्यातले एक काका सारखा मोबाईल उंच धरून चालत होते. ती त्यांना म्हणाली, "काका, रेंज देवळात बी न्हाई आन् देवाला बी न्हाई. खिशात टाका आन् खाली बघून चाला." काकू इतक्या खूश झाल्या की त्यांनी तिला पिशवीतली चिक्की काढून दिली.

वाट तीच आहे, दादा. करवंदीच्या जाळ्या, हिरड्याची झाडं, मधेच एकदम उघडा कातळ आणि पुन्हा सावली. वरून शेकरू ओरडलं तेव्हा सगळे माना वर करून उभे राहिले. मला तुमची घंटा आठवली. सहलीला तुम्ही शाळेची पितळी घंटा बरोबर घ्यायचात, पोरं जंगलात पांगली की ती वाजवायचात, आणि मग त्या आवाजाने पोरं यायच्या आधी माकडं पळायची. ओढा लागला. पाणी होतं. फार नाही, घोट्याएवढं, पण स्वच्छ, आणि एका बाजूला बसण्यासारखा सपाट दगड. मी आईसाठी फोटो काढला. मग चढ, आणि मग झाडांमधून एकदम तो काळा दगड दिसतो.

देऊळ मला लहान झाल्यासारखं वाटलं. ते तसं होणारच होतं. सभामंडपाला छप्पर नाही, खाली पडलेल्या दगडांतून उंबर वर आलेला, गाभाऱ्यात अंधार आणि गार ओल. आमच्याशिवाय तिथे कुणी नव्हतं. गाईडने चपला-बूट काढायला सांगितले तेव्हा मला हसू आलं, कारण याच ठिकाणी एका पोराने तुम्हांला विचारलं होतं, "गुरुजी, तुमचा देव येगळा ना? मग तुमी का चपला काढल्या?" वाडीत आपलं एकच ख्रिस्ती घर, रविवारी आपण दार लोटून घरातच प्रार्थना करायचो आणि वाडीला त्याचं फार कुतूहल होतं. तुम्ही चपला नीट जोडून ठेवत म्हणालात, "कुणाच्या घरी गेलो तर काढतोच की." तेवढ्यावर विषय संपला होता.

गाईडने आम्हांला मागच्या भिंतीकडे नेलं. तिथे ती आहे. एक पाय दुसऱ्या गुडघ्यावर घेतलेली, मान वाकवून तळव्यातला काटा काढणारी बाई. नाक झिजलंय, पण बोटं अजून तशीच, चिमटीत धरलेली. तिच्या शेजारच्या खांबावर खाली नक्षी आहे आणि मध्यापासून वर नुसता घडवलेला दगड, काहीच न कोरलेला. गाईडने घसा साफ केला आणि पहिला आवाज लावला. "असे म्हणतात की," ती म्हणाली, आणि माझा हात नकळत पेन शोधायला गेला. "असे म्हणतात की, हे मंदिर बांधणारा मुख्य कारागीर आपल्या पत्नीसह खाली ओढ्याकाठी राहत असे. ती रोज दुपारी त्याची भाकरी घेऊन येत असे. एके दिवशी तिला उशीर झाला. भुकेने व्याकूळ झालेला कारागीर सर्व कामगारांसमोर तिच्यावर ओरडला. तेव्हा त्याने पाहिले, की ती लंगडत आहे. तिच्या पायात काटा मोडला होता. कारागिराने हातातली छिन्नी खाली ठेवली, तिचा पाय आपल्या मांडीवर घेतला आणि काटा काढला. दुसऱ्या दिवसापासून त्याने खांबाचे काम सोडून तिची मूर्ती घडवायला घेतली. लोकांनी विचारले, देवाचा खांब अर्धा का सोडलास? तो म्हणाला, खांब काय, कुणीही करील."

दादा, ते शेवटचं वाक्य तुमचं होतं. एक शब्दही बदललेला नाही.

गाईड पुढे सांगत होती. तेव्हापासून या वाडीत एक रीत आहे. लग्नानंतर जोडपं पहिल्यांदा देवाला येतं तेव्हा भाकरीचं गठुडं नवऱ्याने आणायचं, आपल्या डोक्यावर, वाडीपासून देवळापर्यंत, आणि अर्ध्या खांबाशी बसून आधी बायकोने खायचं. "किती जुनी प्रथा असेल ही?" काकांनी विचारलं. "लई जुनी," ती दुसऱ्या आवाजात म्हणाली, "देवळाइतकी." काकूंनी डब्यांची पिशवी काकांच्या हातात दिली. सगळे हसले. मी एकटी त्या दगडातल्या बाईकडे बघत राहिले.

तुम्हांला तो दिवस आठवतो का, ते मला कधी विचारता आलं नाही. मी तिसरीत असेन. थंडीतली सहल, पहिली ते चौथीची सगळी पोरं, आणि भाकऱ्या करायला आई आणि वाडीतल्या दोघी-तिघी मागे थांबलेल्या. त्यांच्या भाकऱ्या झाल्या की आईने गाठोडं घेऊन यायचं असं ठरलं होतं. ऊन भिंतीवरून खाली उतरतं, पोरं खेळून दमतात, मग नुसती बसतात, मग एक लहान पोरगी रडायला लागते, आणि आईचा पत्ता नाही. तुम्ही घंटा वाजवता. थांबता, पुन्हा वाजवता. तुमचे कान लाल झालेत, आणि तुमचे कान लाल झाले की काय होतं ते मला माहीत आहे. आई चढावर दिसते तेव्हा तुम्ही तिला जवळही येऊ देत नाही. "पोरं उपाशी बसलीत इथे! काही वेळकाळ आहे की नाही? घरात बसून काय करत होतात एवढा वेळ?" तुम्ही चिडलात की आईला 'अहो-जाहो' करायचात, ते आम्हांला ओरडण्यापेक्षा भयंकर वाटायचं. सगळी शाळा बघते आहे. आई डोक्यावरचं गाठोडं दोन्ही हातांनी धरून उभी आहे. मग ती एक पाय जरा उचलते आणि म्हणते, "काटा मोडला."

आणि लंगडत पुढे येते.

मग पुढच्या रांगेतलं एक पोरगं, ज्याला तुम्ही 'वकील' म्हणायचात, ते म्हणालं, "गुरुजी, बाई त्या दगडातल्या बाईवानी दिसत्यात." सगळ्यांनी वळून भिंतीकडे पाहिलं. तुम्हीही पाहिलंत. पोरांसमोर बायकोची माफी मागणं तुम्हांला जमणारं नव्हतं, त्या काळच्या कुठल्याच मास्तरला जमलं नसतं. तुम्ही घंटा खाली ठेवलीत आणि म्हणालात, "ती बाई कोण आहे माहीत आहे का तुम्हांला?" आणि ती गोष्ट सांगितलीत. आईकडे न बघता, भिंतीकडे तोंड करून. आई पाठ फिरवून पोरांना भाकरी वाढत होती. 'खांब काय, कुणीही करील' हे तुम्ही म्हणालात तेव्हा तिचा हात थांबला, मग पुन्हा चालू झाला. कुणी सांगितलं, पाहिलंत का, असं त्या दिवशी तुम्हांला कुणी विचारलं नाही. उतरताना रिकामं फडकं, भांडी, घंटा, सगळं तुम्ही घेतलंत. आई माझ्या पुढे होती, बरीच पुढे, आणि एका दगडावरून दुसऱ्या दगडावर पाय टाकत झपाझप चालली होती, हे माझ्या लक्षात होतं पण त्याचा अर्थ मी कधी लावला नव्हता. पुढच्या बाजाराला तुम्ही राजूरहून तिच्यासाठी चामड्याच्या चपला आणल्यात. तिच्या पायाला त्या मोठ्या होत्या. तिने पुढे कापूस घालून वापरल्या, बदलून आणा म्हणाली नाही.

जेवण गाईडच्या घरी होतं. नागलीची भाकरी, घेवड्याच्या शेंगांची भाजी, ताक. पडवीत तिचे वडील बसले होते, माझ्यापेक्षा थोडेसेच मोठे, डोक्याला टोपी, डोळे मिश्कील. मी ताट घेऊन त्यांच्या शेजारी टेकले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पुन्हा पाहिलं.

"गुरुजींची पोरगी न्हवं का तुमी?"

"कशावरून?"

"नाक तेच हाय. आन् 'कशावरून' बी तेच." ते हसले. "मी वकील."

मी भाकरी खाली ठेवली. गाईड आत चुलीपाशी होती. मी आवाज खाली आणला आणि विचारलं, हे हजार वर्षांचं काय आहे, ही गोष्ट तर दादांनी सांगितली होती, आपण दोघंही तिथे होतो. "व्हय," ते शांतपणे म्हणाले. "पोरीला ठावं न्हाई. तिला सांगितलंच न्हाई मी." मग त्यांनी मला रीत कशी पडली ते सांगितलं. त्यांचं लग्न झालं, देवाला जायची वेळ आली, बायको नवी आणि पायवाट काट्याची. "मला त्या दिवशीच्या बाई आठवल्या. गठुडं मी घेतलं डोक्यावर. समदी वाडी हसली की! म्हनले, बायलीचा बैल झाला ह्यो. मी म्हनलं, हसू नका, ह्ये देऊळ बांधणाऱ्या कारागिराची रीत हाय. देवाचं नाव घेतलं की हसणं थांबतंय. मग माझ्या भावानं घेतलं, मग मेव्हण्यानं. आता कुणी न्हाई घेतलं तर हसत्यात."

"आणि गुरुजींनी सांगितलं असं म्हणाला असतात तर?"

"तर म्हनले असते, गुरुजी बदलून जायचं मानूस, त्यांचा देव येगळा, त्यांचं कशाला धरून बसायचं." ते ताकाचा पेला फिरवत राहिले. "म्या त्यांचं नाव काढलं त्यातनं, ह्ये खरं. पन गोष्ट ऱ्हायली. तुमी पेपरवाल्या. आता सांगायचं का न्हाई, तुमचं तुमी ठरवा. म्या काय बोलनार न्हाई."

हे ओझं त्यांनी किती सहज माझ्या ताटात वाढलं ते बघा. वर आणखी, बसपाशी गाईड धावत आली. "मॅडम, तुमी पेपरात होता ना? देवळाचा फलक करतोय आमी, गावानं ठरवलंय. मजकूर मी लिवलाय. व्हॉट्सअॅपवर टाकते, तेवढं शुद्धलेखन बघा." मी हो म्हटलं. ती वळली, आणि परत आली. "आन् काय खोटं असंल तर काढून टाका हां. लोकं वाचत्यात. फलकावर खोटं नको."

परतीच्या वाटेवर सगळे झोपले आणि मी खिडकीशी बसून वाक्यं जुळवत होते. 'ही कथा येथील एका शिक्षकाने विद्यार्थ्यांना सांगितली.' खरं वाक्य. माझ्या डेस्कवर असतं तर मी तेच छापलं असतं. त्याने तुमचं तुम्हांला मिळालं असतं, आणि वाडीतल्या पुढच्या नवरदेवाने ते वाचून गठुडं बायकोच्या डोक्यावर परत ठेवलं असतं. ठेवलं असतं का? मला खात्री नाही. पण ठेवलं असतं तर ते माझ्या वाक्याने झालं असतं.

घरी पोचले तर आई जागीच बसली होती. पहिला प्रश्न, "पाणी होतं?" मी फोटो दाखवला. तिने मोबाईल हातात घेऊन तो इतका वेळ पाहिला की पडदा दोनदा काळा झाला. मग मी तिला सगळं सांगितलं, गाईड, वकील, रीत, फलक. ऐकता ऐकता ती हसायला लागली. आधी नुसते खांदे हलले, मग डोळ्यांतून पाणी आलं, मग पदर तोंडावर धरला. मला वाटलं, रडते आहे.

"आई, काय झालं?"

"अगं," ती म्हणाली, "काटा मोडलाच नव्हता."

तिने मोबाईलमधल्या त्या सपाट दगडावर बोट ठेवलं. "इथे बसले होते मी. गाठोडं शेजारी ठेवलं, पाय पाण्यात सोडले. लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच माझ्या आसपास कुणी नव्हतं. तुम्ही पोरं नाही, शाळेची नाहीत, तुझे दादा नाहीत, हाक मारणारं कुणी नाही. म्हटलं, जरा बसू. मासे येत होते पायाला."

"किती वेळ बसलीस?"

"घंटा ऐकू येईपर्यंत. तशी मग धावत निघाले. चढावर त्यांचा आवाज ऐकला आणि त्या भिंतीवरची बाई आठवली. आदल्या वर्षी पाहिली होती ना. म्हटलं, तिला झालं ते मलाही होऊ शकतं."

म्हणजे बघा, दादा. तुम्ही आईला बघून दगडातली बाई दाखवलीत, आणि आईने दगडातल्या बाईला बघून लंगडायला सुरुवात केली होती. वकिलाला साम्य दिसलं यात त्याचं काही विशेष नाही.

"दादांना कधी सांगितलं नाहीस?"

"सांगणार होते. संध्याकाळी घरी आल्यावर लगेच. तर हे कंदील आणि सुई घेऊन आले, माझा पाय मांडीवर घेतला आणि काटा शोधायला लागले. इतकं सावकाश, दुखू नये म्हणून. मी म्हटलं, निघाला असेल हो चालताना. तर म्हणे, नाही, आत राहिला तर पिकतो." तिने मोबाईलचा पडदा पदराने पुसला. "त्यानंतर कसं सांगायचं? आणि त्या दिवसापासून कधी भाकरीवरून आवाज चढवला नाही त्यांनी. एकदाही नाही. मग राहू दिलं."

मोबाईल तिने मला परत दिला. "तू दर रविवारी कबरीपाशी जाऊन त्यांच्याशी बडबडतेस, मला माहीत आहे. हे नको सांगूस त्यांना."

"नाही सांगणार."

"शपथ नको घेऊ, नुसतं नको सांगूस."

दुसऱ्या दिवशी मी गाईडचा मजकूर उघडला. दोन वेलांट्या दुरुस्त केल्या, 'छिन्नी' नीट लिहिलं, एका ठिकाणी स्वल्पविराम दिला. मग पहिल्या तीन शब्दांवर येऊन थांबले. असे म्हणतात की. कोण म्हणतं? आयुष्यभर मी हा प्रश्न ज्यांना विचारला त्यांच्याकडे उत्तर नसायचं, म्हणून ओळ जायची. इथे मला उत्तर पाठ होतं. वकील म्हणतो, त्याची मुलगी म्हणते, डोक्यावर गठुडं घेऊन चढलेला वाडीतला प्रत्येक नवरा म्हणतो, आणि सगळ्यांत आधी तुम्ही म्हणालात, भिंतीकडे तोंड करून. मी शब्द ठेवले. गाईडला फोन केला आणि सांगितलं, "लोक असं म्हणतात, हे खरं आहे. तेवढ्याची मी स्वतः खात्री केली आहे." ती खूश झाली. रीत 'हजारो वर्षांपासून' चालत आली आहे असं तिने लिहिलं होतं. ते मात्र मी 'पूर्वीपासून' केलं. एवढी लाल शाई मला सोडवली नाही.

तर रविवारी फलक लागेल. त्याच दिवशी वाडीतलं एक नवं जोडपं देवाला येणार आहे, असं गाईडने सांगितलं. नवरदेव सुप्याच्या कारखान्यात कामाला आहे, शनिवारी रात्री सुट्टी घेऊन पोचतो आहे, आणि डोक्यावर गठुडं घेऊन चढायचं म्हणून मित्र त्याला आतापासून चिडवत आहेत. आई येणार म्हणते. मी गुडघ्यांची आठवण दिली तर म्हणाली, देवळापर्यंत कोण चढतंय? ओढ्यापर्यंत वाट सपाट आहे, वकील हात धरायला येतो म्हणाले आहेत. "मला त्या दगडावर बसव आणि तुम्ही सगळे वर जा," असा तिचा हुकूम आहे.

"आणि किती वेळाने बोलवायला येऊ?"

"बोलवायला येऊ नकोस. मी येईन माझी."

"आणि उशीर झाला तर?"

"तर सांगेन," आई म्हणाली, "काटा मोडला."

या रविवारी मी तुमच्याकडे येऊ शकणार नाही, म्हणून हे लिहायला बसले. दोन शब्दांची चिठ्ठी लिहून फुलांबरोबर ठेवायला पाठवावी असा विचार होता, आणि हे एवढं झालं. आता ते पाठवता येणार नाही, कारण आईला मी नाही सांगणार म्हटलं आहे. पुढच्या रविवारी येईन, फलक कसा दिसतो, नवरदेव धापा टाकत किती वेळा थांबला, सगळं सांगेन. काट्याचं तेवढं मी तुम्हांला काहीच सांगितलेलं नाही.